अलिप्त राहणं आपल्याला परवडलं का? (१९४६ ते १९७१)

रानवाट (धागाकर्ता)

७ सप्टेंबर १९४६. स्वातंत्र्याला अजून अकरा महिने बाकी होते. हंगामी सरकारात परराष्ट्र खातं सांभाळणारे नेहरू रेडिओवरून बोलले. एकमेकांविरुद्ध उभ्या ठाकलेल्या गटांच्या सत्ताकारणापासून आपण शक्य तितकं लांब राहू, याच गटबाजीने जगाला दोन महायुद्धांत लोटलं, असं त्यांनी देशाला सांगितलं. तेव्हा घटना लिहायला सुरुवातही झाली नव्हती आणि देशाच्या सीमाही ठरल्या नव्हत्या. जगाशी कसं वागायचं ते मात्र ठरलं होतं.

मला याचं फार आश्चर्य वाटतं. पुढच्या वर्षभरात फाळणी झाली, निर्वासितांचे लोंढे आले, सैन्य आणि तिजोरी वाटली गेली, काश्मीरमध्ये लढाई पेटली. अशा वेळी एखादा बलाढ्य देश पाठीशी असावा असं कुठल्याही राज्यकर्त्याला वाटलं असतं. वॉशिंग्टनकडे पैसा, धान्य आणि शस्त्रं तिन्ही होतं. मॉस्कोला आपण अजून इंग्रजांच्या ताटाखालचं मांजर वाटत होतो. विजयालक्ष्मी पंडित १९४७ ते १९४९ तिथे राजदूत होत्या, पण स्टालिनने त्यांना एकदाही भेट दिली नाही. पुढे १९५६ मध्ये अमेरिकेचे परराष्ट्रमंत्री डलेस यांनी तटस्थता ही कालबाह्य आणि काही अपवाद सोडले तर अनैतिक कल्पना आहे असं जाहीर भाषणात म्हटलं. म्हणजे सुरुवातीला दोघांनाही आपण नकोसेच होतो.

तर प्रश्न असा आहे. हे धोरण श्रद्धेतून आलं की नाइलाजातून? आणि साध्या माणसाच्या पदरात त्यातून काय पडलं, त्याने काय गमावलं?

माझं मत आधीच सांगून टाकतो. पहिली दहा वर्षं हे धोरण आपल्याला फार लाभलं. पण असं एकटं उभं राहायचं तर घरात धान्य आणि सीमेवर तयारी हवी, आणि त्या दोन्हींकडे आपण उशिरा लक्ष दिलं.

एक विनंती. आजच्या पक्षांची भांडणं इथे नकोत, आणि १९७१ च्या पलीकडे शक्यतो जाऊ नये. प्रसंग घेऊन बोलूया.

कट्टेकरी

वाचनखूण साठवली आहे. चहा घेऊन बसतो.

तळघर

सरळ उत्तर देतो: नाइलाज. खिशात पैसा नसलेला माणूस गावातल्या दोन्ही सावकारांशी गोड बोलतो, तसं ते होतं. त्याला तत्त्वज्ञानाचा मुलामा नंतर चढला. आपल्याकडे कुठल्याही गटाला देण्यासारखं काही नव्हतं, म्हणून आपण कुठल्याच गटात गेलो नाही.

केतकी_न

तळघर, हे पटलं नाही. नाइलाजच म्हणायचा तर पाकिस्तानचा आपल्यापेक्षा मोठा होता. त्यांच्याकडे कारखाने जवळपास नव्हतेच. त्यांचे पंतप्रधान लियाकत अली मे १९५० मध्ये अमेरिकेला गेले, मे १९५४ मध्ये लष्करी मदतीचा करार झाला, त्याच सप्टेंबरात पाकिस्तान सिएटोत गेला आणि पुढच्या वर्षी बगदाद करारात (दोन्ही पश्चिमेच्या लष्करी युती). गरीब देशाला गटात जाता येत होतं, आणि गेलं की माल मिळत होता. पॅटन रणगाडे आणि सेबर विमानं त्यांना मिळाली ती याच वाटेने.

त्याची किंमत काय होती तेही पाहा. १ मे १९६० ला रशियाने पाडलेलं अमेरिकेचं यू-२ हे हेरगिरीचं विमान पेशावरहून उडालं होतं. त्यानंतर सोव्हिएत नेते ख्रुश्चेव्ह यांनी पाकिस्तानला जाहीर तंबी दिली. दुसऱ्याच्या भांडणात आपलं शहर निशाण्यावर आलं. आणि १९६५ च्या युद्धात अमेरिकेने दोन्ही देशांचा शस्त्रपुरवठा थांबवला तेव्हा जास्त कोंडी झाली ती पाकिस्तानची, कारण त्यांचं जवळजवळ सगळं एकाच दुकानातून येत होतं.

भूगोलही विसरू नका. उत्तरेला चीन, काश्मीरपासून हाकेच्या अंतरावर सोव्हिएत संघ. अमेरिका सात समुद्रांपलीकडे. उद्या काही झालं तर कुणाच्या भरवशावर राहायचं, हा विचार दिल्लीत झालाच असणार.

तळघर

भूगोलाचा मुद्दा मान्य. पण मग तोही नाइलाजच झाला की! श्रद्धा कुठे आली यात?

केतकी_न

श्रद्धा आणि हिशेब एकाच माणसात एका वेळी असू शकतात. १९२७ मध्ये ब्रुसेल्सला वसाहतींतल्या पिळलेल्या लोकांची परिषद भरली होती, नेहरू तिथे काँग्रेसतर्फे गेले होते. वीस वर्षं ज्याने हा विचार केला, त्याने तो १९४६ मध्ये सोयीसाठी शोधून काढला असं म्हणवत नाही.

माळरान

मी नगर जिल्ह्यातला. वय सत्तरीच्या पुढे. इथल्या तरुण मंडळींनी पुस्तकांतून वाचलेलं आम्ही ताटात पाहिलंय, म्हणून लिहितो.

रेशनवर अमेरिकेचा लाल गहू यायचा. पोळी वातड व्हायची, गार झाली की दाताने तुटायची नाही. आई त्यात घरची ज्वारी मिसळून भाकरी थापायची. आम्हा पोरांना एवढंच कळायचं की बोट आली की दुकान उघडतं.

पुढे शिकल्यावर त्यामागचं राजकारण समजलं. १९५०-५१ मध्ये देशात टंचाई होती तेव्हा आपण अमेरिकेकडे वीस लाख टन धान्य मागितलं. कोरियाच्या प्रश्नावर आपण त्यांच्या मागे फरफटत गेलो नाही, म्हणून त्यांच्या काँग्रेसमध्ये महिनोन्महिने चर्चा चालली. शेवटी जून १९५१ मध्ये मदत मंजूर झाली ती १९ कोटी डॉलरच्या कर्जाच्या रूपात. मधल्या काळात चीन आणि रशियाकडूनही थोडं धान्य आलं. १९५६ पासून अमेरिकेच्या पीएल-४८० या धान्य-मदत कायद्याखालचा गहू सुरू झाला. रुपयात पैसे द्यायचे असल्याने तो आपल्याला सोयीचा वाटला आणि इथेच आपण सुस्तावलो.

१९६५ आणि १९६६ असा सलग दोन वर्षं पाऊस रुसला. व्हिएतनामवरच्या बाँबफेकीबद्दल आपण बोलत होतो आणि ते अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष जॉन्सन यांना झोंबत होतं. त्यांनी गहू बंद केला नाही, पण बोटी थोड्याथोड्या करून सोडायला लागले. आज आला तर पुढच्या महिन्याचं काय, हे दिल्लीला माहीत नसायचं. कोट्यवधी लोकांच्या पोटाची दोरी दुसऱ्याच्या हातात असताना स्वतंत्र धोरण चालवणं किती अवघड होतं, याचा विचार केला की आजही मला त्या काळच्या सरकारची दया येते आणि रागही येतो.

तेव्हा कुठे जाग आली. सी. सुब्रह्मण्यम शेतीमंत्री होते, १९६६ मध्ये मेक्सिकोहून १८ हजार टन गव्हाचं बियाणं आणलं. धागाकर्त्यांशी मी सहमत आहे: हे काम दहा वर्षं आधी व्हायला हवं होतं.

फडताळ

माळरान काका, प्रतिसाद फार आवडला. याच गव्हातून गाजरगवत आलं ना? आमच्याकडे त्याला काँग्रेस गवतच म्हणतात.

माळरान

गावोगाव तेच सांगतात खरं. पण पुण्यात त्या गवताची नोंद १९५५-५६ च्या सुमाराची आहे आणि पीएल-४८० चा पहिला करार ऑगस्ट १९५६ चा. म्हणजे आलं असलंच तर १९५१ च्या त्या कर्जाच्या गव्हातून किंवा आणखी कशातून. शेतात उपटून उपटून हात सोलले, एवढं मात्र मी खात्रीने सांगतो.

पंचगंगा

कोरियाचा उल्लेख निघालाय आणि कोल्हापूरच्या माणसाचं नाव अजून कुणी घेतलं नाही, म्हणून हजेरी लावतो. मेजर जनरल शंकरराव थोरात.

आधी पार्श्वभूमी. जून १९५० मध्ये उत्तर कोरियाने दक्षिणेवर हल्ला केला तेव्हा भारताने सुरक्षा परिषदेत त्याला आक्रमण म्हटलं. म्हणजे आपण तोंड मिटून बसलो नव्हतो. पण लढायला सैन्य पाठवलं नाही, पाठवलं ते पॅराशूट दलाचं फिरतं रुग्णालय. पुढे अमेरिकी फौजा ३८ वा अक्षांश (दोन कोरियांमधली रेषा) ओलांडायला निघाल्या, तेव्हा चीन युद्धात उतरेल हा निरोप बीजिंगमधल्या आपल्या राजदूतामार्फत, सरदार पणिक्करांमार्फत, गेला. वॉशिंग्टनने तो मनावर घेतला नाही. चीन उतरला आणि युद्ध आणखी जवळजवळ तीन वर्षं रेंगाळलं.

तह अडला तो युद्धकैद्यांवर. हजारो चिनी आणि उत्तर कोरियन कैदी घरी परतायला तयार नव्हते. त्यांना जबरदस्तीने परत पाठवायचं की नाही, यावर दोन्ही बाजू अडून बसल्या होत्या. शेवटी पाच देशांचा आयोग नेमला: स्वीडन, स्वित्झर्लंड, पोलंड, चेकोस्लोव्हाकिया आणि अध्यक्ष भारत. स्वीडन-स्वित्झर्लंड एका बाजूला मान्य, पोलंड-चेक दुसऱ्या. दोघांनाही चालेल असा अध्यक्ष आपणच होतो. आयोगाचे अध्यक्ष जनरल थिमय्या आणि प्रत्यक्ष कैदी सांभाळणाऱ्या भारतीय दलाचे प्रमुख थोरात.

दक्षिण कोरियाचे सिंगमन ऱ्ही आपल्यावर इतके चिडले होते की भारतीय सैनिकाचा पाय आपल्या भूमीवर पडू देणार नाही म्हणाले. म्हणून इंचॉनच्या बंदरातून आपली पोरं हेलिकॉप्टरने थेट निर्लष्करी पट्ट्यात उतरवली गेली. तिथे बावीस हजारांवर कैदी तारेच्या कुंपणात. त्यांच्यात दोन्ही बाजूंचे हस्तक, रोज घोषणा आणि दगडफेक. एकदा कैद्यांनी आपल्या एका मेजरलाच आत ओढून ओलीस धरलं. गोळीबार केला असता तर रक्ताचा सडा पडला असता. थोरात स्वतः आत गेले, त्यांच्याशी बोलत राहिले आणि त्या अधिकाऱ्याला सोडवून आणलं. पुढे त्यांना अशोकचक्र (दुसरा वर्ग) मिळालं.

तळघर म्हणतात आपल्याकडे देण्यासारखं काही नव्हतं. हे होतं. त्या वेळी जगात फार थोड्या देशांकडे ते होतं. मला याचा मनापासून अभिमान आहे.

तळघर

पंचगंगा, हे वाचून आनंद झाला, थोरातांबद्दल इतकं माहीत नव्हतं. पण मी आता हंगेरीचं नाव घेणार. १९५६ च्या त्याच शरदात सुएझवर इंग्लंड-फ्रान्सने हल्ला केला तेव्हा आपण कडाडून बोललो. उत्तम. आणि हंगेरीतलं बंड चिरडायला बुडापेस्टमध्ये रशियन रणगाडे घुसले तेव्हा? सोव्हिएत फौजा माघारी घ्या आणि संयुक्त राष्ट्रांच्या देखरेखीखाली निवडणुका घ्या, असा ठराव ९ नोव्हेंबरला आमसभेत आला. त्याविरुद्ध मत देणाऱ्यांत सोव्हिएत गट होता आणि त्यांच्या सोबत आपण. तिथे भारतातर्फे कृष्ण मेनन होते. जयप्रकाशांनी तेव्हाच नेहरूंवर जाहीर टीका केली. नुकतेच गुलामीतून सुटलेले आपण, दुसऱ्या देशाच्या स्वातंत्र्याविरुद्ध हात वर करतो? मला हा आपल्या परराष्ट्र धोरणावरचा सगळ्यात मोठा डाग वाटतो.

मंद_वारा

सहमत. याला बचाव नाही.

केतकी_न

बचाव नाही, कारण मात्र आहे. मतदानाने दुसऱ्या देशात निवडणुका लादण्याचा पायंडा पडला की उद्या काश्मीरवर तेच येईल ही भीती होती. आणि सुरक्षा परिषदेत काश्मीरच्या प्रश्नावर आपल्या बाजूने नकाराधिकार वापरायला रशियाच होता. फेब्रुवारी १९५७ मध्ये त्याने तो वापरलाही. म्हणजे १९५५ मध्ये ख्रुश्चेव्ह आणि त्यांचे पंतप्रधान बुल्गानिन श्रीनगरला जाऊन काश्मीर भारताचंच असं जे बोलले त्याची परतफेड आपण बुडापेस्टमध्ये केली. हे लिहिताना मलाही बरं वाटत नाही.

एक दुसरी बाजूही आहे. बंड चिरडल्यानंतर हंगेरीतल्या लेखक-विचारवंतांनी तडजोडीचा प्रस्ताव मॉस्कोपर्यंत पोचवायला भारतीय वकिलातीची मदत घेतली होती. त्यांतले आर्पाद गोंत्स यांना नंतर जन्मठेप झाली. नेहरूंनी अशा लोकांसाठी आतून रदबदली केली होती. हेच गोंत्स १९९० मध्ये हंगेरीचे राष्ट्राध्यक्ष झाले. उघडपणे गप्प राहून आतून प्रयत्न करणं किती योग्य, यावर वाद होऊ शकतो. पण तेवढंही झालं नाही असं कुणी समजू नये.

मांडवी

गोंयकार म्हणून लिहितो. महाराष्ट्रातल्या मित्रांना गोव्याची आठवण १९ डिसेंबरला होते. आमच्या घरात हा विषय बारा महिने असतो.

पोर्तुगाल १९४९ पासून नाटोचा सदस्य. म्हणजे तिथला हुकूमशहा सालाझार याच्या मागे सगळा पश्चिम गट. डिसेंबर १९५५ मध्ये डलेस यांनी पोर्तुगीज परराष्ट्रमंत्र्यांबरोबर जे संयुक्त पत्रक काढलं, त्यात गोवा हा पोर्तुगालचा प्रांत असल्याचं जणू मान्यच केलं होतं. त्याच वर्षी १५ ऑगस्टला निःशस्त्र सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळ्या चालवल्या होत्या. नानासाहेब गोरे, सेनापती बापट, मधू लिमये, पीटर अल्वारिस, सगळे त्या लढ्यात होते. नेहरूंनी काय केलं? सीमा बंद केली, नाकेबंदी केली, आणि सत्याग्रहही थांबवायला लावले. का? जगाला शांततेचे धडे देतो, मग सैन्य कसं पाठवणार, म्हणून. आमचे आजोबा म्हणायचे की दिल्लीची प्रतिमा जपायला गोव्याने आणखी सहा वर्षं तुरुंग भोगला.

शेवटी १८ डिसेंबर १९६१ ला सैन्य आलं. त्याच दिवशी सुरक्षा परिषदेत ठराव आला: युद्ध थांबवा, भारताने सैन्य मागे घ्यावं. अमेरिका, इंग्लंड, फ्रान्स, तुर्कस्तान यांनी मांडलेला. बाजूने सात, विरुद्ध चार. विरुद्ध कोण? रशिया, सिलोन (आताची श्रीलंका), लायबेरिया आणि इजिप्त (तेव्हाचं संयुक्त अरब प्रजासत्ताक). रशियाचं मत नकाराधिकार होतं म्हणून ठराव पडला.

त्या तीन छोट्या देशांकडे बघा. सिलोन आणि इजिप्त तीनच महिन्यांपूर्वी बेलग्रेडला पंचवीस देशांच्या अलिप्त राष्ट्रांच्या परिषदेत आपल्या शेजारी बसले होते. लायबेरिया तर त्यात नव्हताही, पण वसाहत म्हणजे काय हे त्यांना कुणी समजावून सांगावं लागलं नाही. म्हणून अलिप्ततेबद्दल माझ्या मनात राग आणि कृतज्ञता दोन्ही आहेत. तिने आम्हाला वाट बघायला लावलं, आणि शेवटच्या दिवशी तिच्यामुळेच आम्हाला मित्र मिळाले.

फडताळ

मांडवी, शेवटचा परिच्छेद दोनदा वाचला.

कट्टेकरी

गोव्यानंतर दोन महिन्यांनी, म्हणजे १९६२ च्या फेब्रुवारीत, उत्तर मुंबईत कृष्ण मेनन विरुद्ध आचार्य कृपलानी अशी लढत झाली. माझे वडील तेव्हा तिथल्या चाळीत राहायचे. चीन, हंगेरी, काश्मीर हे विषय नाक्यावरच्या सभेत गाजत होते, नळाच्या पाण्याचा विषय मागे पडला होता असं ते सांगतात. मेनन मोठ्या फरकाने जिंकले. आणि वर्ष संपायच्या आत त्यांना संरक्षणमंत्रिपद सोडावं लागलं.

भीमथडी

इतका वेळ थांबलो होतो, कुणी तरी बाबासाहेबांचं मत मांडेल म्हणून. मीच मांडतो.

ऑक्टोबर १९५१ मध्ये मंत्रिमंडळातून बाहेर पडताना बाबासाहेबांनी जे निवेदन केलं त्यात परराष्ट्र धोरण हे एक ठळक कारण होतं. हिंदू कोड बिलाची चर्चा सगळे करतात, हा भाग राहून जातो. त्यांचं म्हणणं असं की स्वातंत्र्य मिळालं तेव्हा जगात आपलं वाईट चिंतणारा कुणी नव्हता, चार वर्षांत मित्र दुरावले, आपण एकटे पडलो. आणि त्याचा थेट परिणाम त्यांनी आकड्यांत सांगितला: वर्षाला ३५० कोटींच्या महसुलातले १८० कोटी लष्करावर जातात. मित्र असते तर हा पैसा उपाशी माणसासाठी वापरता आला असता. ज्याच्या माणसांना दोन वेळचं जेवण मिळत नव्हतं त्याने मांडलेला हा हिशेब आहे.

पुढे १९५४ मध्ये राज्यसभेत भारत-चीन पंचशील करारावर बोलताना त्यांनी चीनबद्दल सावध केलं होतं. बुद्धाच्या पंचशीलावर माओची खरोखर श्रद्धा असती तर त्याने स्वतःच्या देशातल्या बौद्धांना वेगळी वागणूक दिली असती, हा त्यांचा रोख. तिबेट चीनच्या हाती गेल्याने सीमा थेट आपल्याला येऊन भिडली, हेही त्यांनी ओळखलं होतं. आठ वर्षांनी काय झालं ते सगळ्यांना माहीत आहे.

रानवाट

भीमथडी, मनापासून आभार. हा मुद्दा नसता तर धागा अपुरा राहिला असता. एक शंका विचारतो, वाद म्हणून नाही: पश्चिमेकडे गेलो असतो तर लष्कराचा खर्च खरंच कमी झाला असता का? पाकिस्तान गटात गेला तरी त्यांचा लष्करी खर्च कमी झाला नाही.

भीमथडी

रास्त शंका आहे. बाबासाहेबांचं उत्तर गटापुरतं नव्हतं, काश्मीरचा प्रश्न लवकर सोडवा हेही त्यात होतं. ती दोन्ही एकत्र वाचली तरच त्यांचा हिशेब जुळतो. एकच भाग उचलला तर तुमची शंका बरोबर ठरते.

द्राक्षबाग

आम्ही निफाडचे. ओझरला मिग विमानांचा कारखाना उभा राहिला हे सगळ्यांना ठाऊक असतं, पण तो इथे का आला ते कुणी सांगत नाही. रशियाशी मिग-२१ चा करार ऑगस्ट १९६२ चा, चीनच्या हल्ल्याच्या दोन महिने आधीचा. अमेरिकेने पाकिस्तानला एफ-१०४ दिली होती, आपल्याला द्यायला तयार नव्हते. रशियाने विमानंही दिली आणि ती इथे बांधायचा परवानाही. सांगाडा ओझरला, इंजिन कोरापुटला, आतली यंत्रणा हैदराबादला. ओझर निवडलं जाण्यात यशवंतराव चव्हाणांचा वाटा होता असं आमच्याकडची जुनी माणसं सांगतात. माझ्या वडिलांच्या पिढीतल्या कितीतरी शेतकऱ्यांच्या पोरांना तिथे फिटर-टर्नर म्हणून नोकरी लागली. धागाकर्त्यांनी विचारलंय, साध्या माणसाच्या पदरात काय पडलं. आमच्या गावात तरी हे पडलं.

मंद_वारा

+१. आयआयटीचंही तसंच. पवईची युनेस्कोमार्फत सोव्हिएत मदतीने १९५८ मध्ये सुरू झाली, कानपूरची अमेरिकी विद्यापीठांच्या, मद्रासची पश्चिम जर्मनीच्या, दिल्लीची ब्रिटनच्या. पोलादाचंही बघा: भिलाई रशियन, राउरकेला जर्मन, दुर्गापूर ब्रिटिश. बोकारोसाठी आधी अमेरिकेकडे गेलो, सरकारी मालकीच्या कारखान्याला पैसे द्यायला तिथल्या संसदेत विरोध झाला, मग रशियाने तो घेतला. एकाने नाही म्हटलं की दुसऱ्याचं दार ठोठावायचं. यात नाइलाज कुठे दिसतो? मला तर चांगली घासाघीस दिसते.

फडताळ

अवांतर: ते ‘सोव्हिएत देश’ नियतकालिक आठवतंय का कुणाला? चकचकीत कागद, भरघोस पिकांचे फोटो, हसऱ्या ट्रॅक्टरवाल्या बायका. आमच्या वर्गातल्या निम्म्या वह्यांना त्याचीच कव्हरं असायची.

द्राक्षबाग

आठवतं! आणि ते कव्हर फाटायचं नाही. मॉस्कोच्या मीर प्रकाशनाची भौतिकशास्त्राची पुस्तकं तर इतकी स्वस्त की वडापावच्या पैशात यायची. माझ्या भावाने अभियांत्रिकीची अर्धी तयारी त्यांवर केली.

कट्टेकरी

मुंबईत मात्र अमेरिकन वाचनालयात गारवा होता. उन्हाळ्यात आम्ही अभ्यासाला तिकडे, आणि कव्हरं रशियाची!

तळघर

मंडळी, मजा आली, पण १९६२ राहिलं. मंद_वारा म्हणतात घासाघीस. १९ नोव्हेंबर १९६२ ला नेहरूंनी केनेडींना एका दिवसात दोन पत्रं पाठवली. स्वनातीत (आवाजापेक्षा वेगवान) लढाऊ विमानांच्या बारा तुकड्या मागितल्या आणि त्या चालवायला आपले लोक तयार होईपर्यंत वैमानिक-तंत्रज्ञही अमेरिकेचेच. सोळा वर्षांचं धोरण एका दिवसात गेलं. आणि रशिया? २५ ऑक्टोबरच्या ‘प्रावदा’त, म्हणजे तिथल्या कम्युनिस्ट पक्षाच्या मुखपत्रात, चीनच्या बाजूचा सूर होता, कारण त्याच आठवड्यात क्युबावरून जग पेटायची वेळ आली होती आणि त्यांना चीन सोबत हवा होता. आपले कैवारी त्या आठवड्यात कुठे होते?

पंचगंगा

तळघर, प्रश्न बिनतोड आहे, पण मी पुन्हा थोरातांकडे वळणार.

कोरियाहून परतल्यावर काही वर्षांनी ते पूर्व विभागाचे प्रमुख झाले. १९५९ मध्ये त्यांनी नेफाच्या (आताच्या अरुणाचल प्रदेशाच्या) संरक्षणाबद्दल सविस्तर अहवाल दिला: चीन आला तर कुठून येईल, आपल्याकडे किती फौज आणि रस्ते हवेत. मार्च १९६० मध्ये लखनौला ‘लाल किल्ला’ नावाचा युद्धसराव घेऊन तेच नकाशावर मांडून दाखवलं. संरक्षणमंत्र्यांना तो घाबरवणारा सूर वाटला. मे १९६१ मध्ये थोरात निवृत्त झाले. पुढच्या वर्षी चीन जवळपास त्यांनी दाखवलेल्या वाटांनीच आला.

आता सांगा, गटात नसल्यामुळे तो अहवाल बाजूला पडला का? स्वीडन आणि स्वित्झर्लंड कुठल्याच गटात नव्हते, पण दोघांनीही आपलं सैन्य कायम सज्ज ठेवलं. आपण मैत्रीला संरक्षण समजलो. बोमदिलाला आपली पोरं सुती कपड्यांत, जुन्या ३०३ बंदुका घेऊन थंडीत उभी राहिली. त्यांचं दुःख मला अलिप्ततेच्या खात्यावर टाकता येत नाही.

माळरान

यशवंतराव चव्हाण दिल्लीला निघाले तेव्हा हिमालयाच्या मदतीला सह्याद्री धावला असं आम्ही शाळेत म्हणायचो. चव्हाणांनी संरक्षणमंत्री म्हणून आधी काय केलं ते बघा. १९६४ मध्ये ते अमेरिकेलाही गेले आणि रशियालाही. जे जिथे मिळेल ते घेतलं, आणि पाच वर्षांची संरक्षण योजना आखली. पंचगंगा म्हणतात ती तयारी तेव्हा सुरू झाली.

तळघर

चव्हाणांबद्दल वाद नाही. पण चीन समोर असताना मदत अमेरिकेने विमानांतून पाठवली आणि आपण ती घेतली, हे इतिहासात लिहिलं गेलं पाहिजे. नाही तर कोरिया आणि गोवा आठवतो आणि हे विसरतो.

रानवाट

लिहिलं गेलंच पाहिजे.

सगळ्यांचे प्रतिसाद वाचून माझ्या प्रश्नाच्या एका भागाबद्दल माझं मत पक्कं झालं. श्रद्धा की नाइलाज याचं उत्तर काळानुसार बदलतं. १९५३ मध्ये आपण कोरियात गेलो ते विश्वासाने. १९५६ मध्ये हंगेरीत काश्मीरचा हिशेब वरचढ ठरला. ऑगस्ट १९७१ मध्ये स्वर्ण सिंग आणि ग्रोमिको या परराष्ट्रमंत्र्यांनी भारत-सोव्हिएत मैत्री करार केला तेव्हा बांगलादेशातून येणारे लाखो निर्वासित, अमेरिकेच्या किसिंजरची बीजिंगवारी आणि समोर दिसणारं युद्ध असं सगळं होतं. त्या करारातही सोव्हिएत संघ भारताच्या अलिप्त धोरणाचा आदर करतो असं कलम आपण घालून घेतलं. काहींना तो देखावा वाटतो. मला वाटतं दिल्लीत कुणाला तरी ती ओळ मनापासून हवी होती, आणि डिसेंबरात अमेरिकेची एंटरप्राइज ही विमानवाहू नौका बंगालच्या उपसागराकडे निघाली तेव्हा करार असल्याचा आधारही वाटला असणार.

भीमथडी

१९७१ वर वेगळा धागा काढा, इथे पुरणार नाही.

मांडवी

आणि गोव्यावर मी काढतो. आजोबांनी जपलेली कात्रणं आहेत.

केतकी_न

पंचगंगा, एक विचारायचं राहिलं. कोरियातले जे कैदी दोन्हीकडे जायला तयार नव्हते, त्यांचं पुढे काय झालं?

पंचगंगा

बहुतेक चिनी कैदी तैवानला गेले आणि बहुतेक उत्तर कोरियन दक्षिणेत राहिले. काही जण मन बदलून घरी परतले. पण ऐंशीहून थोडे अधिक असे निघाले की त्यांना दोन्ही कोरिया नकोत, दोन्ही चीन नकोत, तटस्थ देशातच जायचंय. त्यांना ठेवायला दुसरं कुणी पुढे येईना, तेव्हा फेब्रुवारी १९५४ मध्ये थोरातांच्या दलाबरोबर बोटीने ते भारतात आले. त्यांतले बरेच दोनतीन वर्षांनी ब्राझील आणि अर्जेंटिनाला गेले. थोडे मात्र इथेच राहिले, कामधंदा केला आणि इथेच म्हातारे झाले.